वाचेल तो

माणशी सहाशे पन्नास. त्यात नाष्टा, जेवण, गाईड,
हजार वर्षांपूर्वीचे अवशेष,
आणि कागदाच्या तळाशी बारीक टायपात
नैसर्गिक डोहात पोहणे, स्वतःच्या जबाबदारीवर.

गड्ड्याची यात्रा उलगून आठवडा झाला होता.
विडी घरकुलातून अम्माला बाहेर काढणं
म्हणजे भिंतीतून खिळा काढणं.
मी दोन सीटा घेतल्या, खिडकीची तिला.
मंद्रुप येईपर्यंत तिनं तीनदा विचारलं, परत किती वाजता?
मांडीवर सूप नव्हतं, तरी बोटं चालूच,
पान, तंबाखू, दोरा,
पान, तंबाखू, दोरा,
पदराच्या काठाची एक कधीच न पेटणारी विडी.

गाईड बिराजदार. गळ्यात शिट्टी.
ड्रायव्हरवर कन्नडात ओरडायचा, आमच्याकडे वळून मराठीत हसायचा.
हे सगळं मातीखाली होतं म्हणाला,
आत्ता आत्ता वर आलं.
एका खांबाला छप्पर उरलं नव्हतं,
त्याच्या सावलीत शेळी बसली होती, तिला उठवलं नाही कुणी.

मग ते लिंग. अंगभर चेहरे, ओळीनं, दाटीवाटीनं.
मोजा बरं किती, बिराजदार म्हणाला,
आणि सगळ्यांनी मोबाईल काढले.
अम्मा मात्र फिरली भोवती, बोट धरून, तेलुगूत पुटपुटत,
पंचविसाचा एक कट्टा, पंचविसाचा एक.
चौदा कट्टे, वर नऊ.
बिराजदारची शिट्टी तोंडातून पडली.
बरोबर, मावशी! तीनशे एकोणसाठ!
ती म्हणाली, एकपण छाट नाही.

तुळईवरची अक्षरं टॉर्च तिरका धरल्यावर दिसली.
फार जुनी मराठी, त्यानं आवाज खाली आणला,
शेवटी काय कोरलंय, ठाऊक आहे?
जो वाचेल, तो जिंकेल.
बँकेतल्या दोघांनी टाळ्या वाजवल्या.
शाळेची पायरी न चढलेली माझी आई
माझ्या कानाशी आली:
वाचेल म्हणजे, बुडणार नाही तो?

नाही अम्मा, वाचेल म्हणजे
असं म्हणून मी थांबले.

कडक भाकरी, शेंगाची चटणी, दही. कुणाला तरी ठसका लागला.
मग भीमा-सीनेच्या अलीकडे तो डोह,
हिरवा, काठाशी उबदार, आत काळा.
नारिंगी जाकिटं वाटली. बिराजदार खडकावर उभा राहिला.
तुम्ही नाही उतरत?
मला पोहता येत नाही हो, मी शिट्टी वाजवतो.

आमच्या घरी पाण्याच्या पिंपावर झाकण असायचं,
झाकणावर दगड.
सिद्धेश्वर तळ्याला आम्ही पोरी
लांबूनच नमस्कार करून मोठ्या झालो.
तिला पाण्याची भीती आहे, हे मला
तिच्या नावासारखं पाठ होतं, नरसम्मा.

तिनं चपला काढल्या, एकीवर एक ठेवल्या,
कासोटा मारला,
आणि शिट्टी वाजेपर्यंत मध्यावर होती.
हनुवटी पाण्याला टेकलेली, हात खालून चालत,
शिंतोडा नाही, आवाज नाही.
पलीकडच्या कातळाला हात लावला, वळली.
जाकिटं घातलेली माणसं गुडघाभर पाण्यात
तशीच उभी.

काठावर बसून केस पिळले तिनं.
माहेरची विहीर, म्हणाली. नलगोंड्याकडं.
मी आणि थोरला व्यंकटी, पैज लावून उतरलो.
पीळ सुटेपर्यंत काही बोलली नाही.
मग मराठीत, सगळ्यांना कळेल असं:
मी वाचले.

येताना विजापूर नाक्याला ट्रॅफिक लागलं.
बिराजदारनं फॉर्म वाटले, सहल कशी वाटली,
मी तिच्या नावाचा कोराच परत दिला.
किती वाजले, तिनं विचारलं नाही.
बोटं मांडीवर होती, थांबलेली.
माझा डावा खांदा तिच्या पदरानं
घरकुल येईपर्यंत ओला होत राहिला.