मूठ वर, मूठ खाली

दुपारी दोन ते पाच कोसंबीत लाइट नसते.
चक्की थांबते, पट्टा सैल पडतो,
डब्यांची रांग भिंतीला टेकून वाट पाहते.
ह्याच तीन तासांत मी सुरी फेकायला शिकले.

दयाराम लोहारानं विचारलं, कशाला पाहिजे?
म्हटलं, फेकायला.
त्याचा भाता थांबला.
"बनवून घ्याची न् फेकून द्याची?
मंग पैसे कायले देतेस वो बाई?"
तरी ट्रकच्या जुन्या पाट्यातून त्यानं तीन काढल्या,
एका वजनाच्या, एका लांबीच्या,
फक्त टोक असलेल्या.
धार नको म्हटल्यावर तर तो हसतच सुटला.

सावरीचा ओंडका, आडवा कापलेला,
रात्रभर टाक्यात भिजवून ठेवलेला,
मागे तणशीचा ढीग, त्याच्या मागे कुणी नाही:
हे इस्तारीबुवांनी तीनदा जाऊन पाहिलं.
शेळीसुद्धा हाकलली.
मला बूट घालायला लावले, पोराचे, शाळेचे.
"लोखंड वापस येते," म्हणाले,
"जिथून गेलं थे जागा त्याले मालूम असते."

इस्तारी मोहुर्ले अकरा वर्षं सर्कशीत होते.
गावाला वाटतं, तिथे ते सुऱ्या फेकत.
मलाही वाटायचं.
पहिल्याच दिवशी त्यांनी सांगून टाकलं:
"मी नाई फेकल्या कधी. मी उपटल्या.
पोरगी फळीपासून बाजूले झाली का माहा नंबर.
रोजचे दोन खेळ, खेळाले चोवीस."
गुणाकार मी मनात सुरू केला, अर्धवट सोडला.

पहिले नऊ दिवस नुसते आवाज.
मुठीचा ठप्प. पात्याचा खण्ण.
तणशीत गेली तर तोही नाही,
मग ओणवं होऊन शोधायची,
कोंबडीनं आडजागी घातलेलं अंडं शोधतो तशी.
मी जोर लावायची.
चाळीस किलोचं पोतं उचलणारा हात,
त्याला दुसरं काय येतं?
बुवा खाटेवरून: "दळण नाई टाकत तू.
साबण निसटते तशी जाऊ दे."
मनगट मोडू नको. बोट अडकवू नको.
श्वास रोखून धर असं ते म्हणाले नव्हते,
ते माझं मीच.

बाविसाव्या दिवशी एक अडकली,
वाकडी, मूठ आभाळाकडे,
न् लगेच गळून पडली.
बुवा उठले. भोकात करंगळी घातली,
डॉक्टर घशात बघतो तसे वाकून बघत राहिले.
"जास्त फिरली. अर्धं पाऊल पुढं."
पुढची रुतली तेव्हा मूठ जमिनीकडे.
"कमी फिरली. मागं."
हाताला त्यांनी काहीच सांगितलं नाही,
सगळं पायांना.
मी चुन्याची रेघ ओढायची, पुसायची, परत ओढायची.
शेवटी ती जिथं थांबली
तिथून मुंग्यांची वाट जात होती.
दोन दिवसांनी मुंग्यांनी वाट बदलली.

गावात बोलणं झालंच.
रेवताबाई डब्याचं झाकण लावता लावता म्हणाली,
"कोणावर राग हाय वो तुहा एवढा?"
खरं तर त्या तीन तासांत
माझा कुणावरच राग नसायचा.
हे तिला सांगायचं राहून गेलं.

पौषातल्या एका दुपारी,
लाइट यायला दहाएक मिनिटं असताना,
ती गेली.
हातातून सुटल्याचं कळलंच नाही.
टक्, एवढंच.
आडवी, मूठ सरळ माझ्याकडे,
जराशी थरथरत.

मी धावले, हात लावणार,
तर बुवा धोतर सावरत आले.
"थांब. थे काम माहं हाय."

डावा तळवा ओंडक्यावर सपाट,
उजव्यात मूठ.
हिसका नाही, हलवणं नाही,
आली त्याच वाटेनं तिला मागं आणली.
लाकूड बारीकसं कुरकुरलं.
भोकाकडे ते बराच वेळ पाहत होते.
मग पातं धोतराला पुसलं
न् मूठ माझ्याकडे करून दिली.

तेवढ्यात पट्टा ताणला, चक्की घरघरली.
रेवताबाईचे गहू आधी होते.