पाटीवर नसलेलं

ऑर्हूस. शनिवार, रात्रीचा खेळ.
तिकिटं देणारी बाई मला ओळखते,
न बोलता चार बोटं दाखवते : चौथी रांग.
पियानो कुठे आहे याच्याशी मला देणंघेणं नाही.
फारच जोरात वाजला तर खुर्चीच्या दांडीत
मुंग्या येतात, तेवढंच.

दिवसा मी हातमोजे शिवते.
सहाव्या वर्षी तापाने कान नेले,
तेव्हापासून ओठ वाचते.

पडद्यावर दोघं, काचभट्टीतले.
थोरला फुंकतो, धाकटा नळी फिरवतो.
एकाचा श्वास, दुसऱ्याचं मनगट,
आणि टोकाला लोंबणारा गोळा,
पांढरा दिसतो, लाल असणार.
कुणीही जरा चुकला
की बरणीची मान वाकडी.

मग धाकट्याचं लग्न ठरतं.
लग्नाच्या सकाळी थोरला
त्याच्या ताठ कॉलरची गुंडी लावू जातो.
लागत नाही.
पुन्हा लावतो.
धाकटा हनुवटी वर करून उभा.
पाटी येते : ‘सुखी राहा, येन्स!’
पुढच्या रांगेत रुमाल निघतात.

मी मात्र पाटीच्या आधीचं पाहिलेलं.
‘वर बघ,’ थोरला म्हणाला,
‘माझ्याकडे नको, एस्बन.’

येन्स म्हणताना ओठ मिटत नाहीत.
त्याचे मिटले होते,
ब म्हणायला मिटावेच लागतात.

बाहेर पडताना जाहिरातीपाशी थांबले.
खाली, बारीक अक्षरांत, नटांची नावं.
धाकट्याचं काम : एस्बन क्राग.

रविवारी गेले. सोमवारी गेले.
मूकबधिर शाळेतली गुड्रुन हातांनी विचारत होती,
एवढं काय आहे त्यात?
मी हातांनीच सांगितलं, काच छान आहे.

गुरुवारी फीत तुटली.
अंधारात लोकांनी पाय आपटले, तळव्यांना कळलं.
जोडून पुन्हा लावली तेव्हा
हनुवटी वर झाली आणि लगेच पाटी.
मधलं कुठेतरी कात्रीखाली,
मशीनच्या खोलीत, केरात.
कुणाचं काही अडलं नाही.

त्या आठवड्यात माझ्या मोज्यांची
काजं जरा लहान झाली.
मालकीण म्हणाली, अगं, गुंड्या लागतच नाहीत!
मी तिच्या तोंडाकडे पाहत राहिले,
जणू काही
मला वाचताच आलं नाही.