चाळीस सेकंद

खाली खोऱ्यात रेडिओ लागत नाही, एलिसेओ,
हे आधी समजून घे.
तू चिनान्देगाचा, खेळ तुला शिकवायला नको,
मी फक्त ऐकायचं कसं ते सांगतोय.
लागतो तो इथे, टेकाडावर, गोठ्यात,
तेही चौथ्या गव्हाणीपाशीच,
जिथे माझ्या बापानं कुंपणाची तार
खिडकीतून आत ओढून एरियलला गुंडाळली.
तार गंजलीय. बदलत नाही.
बदलली तर मिलवॉकीच्या जागी
एखादा प्रवचनवाला यायचा.

उजेड असेतो खरखर.
अंधार पडला की आवाज जवळ येतो,
शेजारी कुंपणाला रेलून बोलायला थांबतो तसा.
वीज चमकली तर एखादा चेंडू हरवतो;
तो आपला आपण जुळवायचा,
लोकांच्या ओरडण्यावरून.
चढत गेलं तर चेंडू उंच गेलाय,
मध्येच तुटलं तर कुणीतरी झेललाय.

एल्डन प्रुइट बोलायला लागला
की गाई पान्हा सोडतात.
हसू नकोस.
एकोणतीस उन्हाळे त्याच्या आवाजावर धार काढलीय मी.
मागे त्याच्या घशाचं ऑपरेशन झालं
तेव्हा पंधरवडाभर कुणी पोरगा बोलला,
नुसते आकडे, भराभर, किराण्याची यादी वाचावी तसे.
दूध कमी झालं.
डेअरीवाल्याला कारण काय सांगणार?

मका कापताना सेट छातीच्या खिशात ठेव.
इंजिनापुढे शब्द ऐकू येत नाहीत,
पण स्टेडियम उठून उभं राहिलं
की खिसा थरथरतो.
आणि रविवारी चर्चमध्ये
(हे पाद्रीबाईंना बोलू नकोस)
वायर बाहीतून वर घ्यायची, तळहात कानाशी,
मान खाली.
लोकांना वाटतं, याची पापं बरीच दिसतात.

गुद्रुन खोऱ्यातली. टेस्मरांची धाकटी.
त्यांच्या घरी रेडिओवर नुसती फुसफुस,
वाटाणे भाजल्यासारखी.
म्हणून लग्नाआधी मी सामना संपला
की अंगणातला खांबावरचा दिवा मिचकवायचो.
एकदा, जिंकलो.
दोनदा, हरलो.
त्या वर्षांत दोनदाच जास्त.
तिच्या बापाला वाटायचं, वरच्या पोराचं वायरिंग बिघडलंय.
लग्नात त्यानं मला फ्यूजची नवी पेटी दिली.

आता तिच्याकडे फोन आहे, लेकीनं लावून दिलेला.
आवाज स्वच्छ, एक खरखर नाही,
पण कुठून कुठून वळसे घेत येतो,
चाळीस सेकंद उशिरा.
मी मोजलेत.
म्हणजे गोठ्यात जे होऊन गेलं
ते स्वयंपाकघरात अजून व्हायचं असतं.

आज नववी इनिंग.
आपण एका धावेनं मागे, दोन आउट,
आपला माणूस तिसऱ्या बेसवर.
ओरडणं चढलं, चढलं,
आणि तुटलं.
प्रुइट काही बोललाच नाही,
खुर्ची सरकवल्याचा तेवढा आवाज आला.

खिडकीत गुद्रुन उभी.
हातात कपबशी पुसायचं फडकं, पिळून पिळून दोरी झालेलं.
तिच्याकडे तो माणूस अजून तिसऱ्या बेसवर आहे,
गुडघ्यात वाकलेला, पळायच्या बेतात.
माझा हात सवयीनं भिंतीवरच्या बटणाकडे गेला,
तू पाहिलंस.
मी तो परत घेतला, तांबडीच्या पाठीवर ठेवला.
गरम होती पाठ.
बावीस, तेवीस.
ती पुढे झुकली.
एकतीस.
फडकं थांबलं.

मग स्वयंपाकघरातला दिवा गेला, आला.
गेला, आला.

बादली जरा जोरात आपट, एलिसेओ.
आपल्याला आत्ताच कळलंय.