अकरा सेकंद

खणभागातल्या शाळेचा हॉल. पडदा नाही,
म्हणून पूर्वेकडच्या भिंतीलाच चुना मारलेला, दोन हात,
शिरगोंडानं स्वतः, शनिवारी.
सबटायटल इंग्रजीत. म्हणून मी,
माईक धरून, कोपऱ्यातल्या खुर्चीत:
जपानी माणसानं बोलायचं, इंग्रजी ओळीनं सांगायचं,
आणि मी ते सांगलीत आणायचं
पुढची ओळ यायच्या आत.

पहिली वीस मिनिटं सोपी गेली.
आई म्हणते, डबा विसरलास.
पोरगं म्हणतं, रताळंच आहे ना त्यात.
ट्रामचा कंडक्टर. कपडे वाळत घालणारी एक बाई,
चिमटा दातांत.
पुढच्या रांगेत हळद पॉलिशवाल्या बायका, नखं पिवळी,
रताळ्याला हसल्या.

याआधी हा बॉम्ब आम्ही पाहिलेला तो वरूनच.
विमानातून, काळापांढरा,
चढत जाणारा ढग, देखणाच म्हणायचा,
आणि घोगऱ्या आवाजात तारीख.
तेवढ्या उंचीवरून कुणाचा डबा दिसत नाही.

हा खालून काढलेला. हातानं.
म्हणजे बघा, सेकंदाला बारा चित्रं;
बाई पळते, तिची बाही पेटते,
ती कुणीतरी बारा वेळा पेटवलेली आहे
पेन्सिलनं, खोडरबर शेजारी ठेवून.
मधे जेवायची सुट्टी झाली असेल.
हात धुतले असतील.

मग ते आलं.
तिथली माणसं उजेडाला म्हणत पिका. आवाजाला डोन.
मी वहीत तयारी केली होती:
लख्ख. खोडून, लखलखाट. खोडून, वीज.
पण वीज आपल्याकडे झाडावर पडते, तलाठी येतो.
आणि पिका म्हटलं की मला सारखं आठवायचं
पिकलेलं, देठापासून सुटलेलं.

ओळच आली नाही.
अकरा सेकंद भिंत नुसती पांढरी.
काढणाऱ्यानं कागद कोरा सोडला होता.
माईकमधून माझा श्वास, हॉलभर.

त्या उजेडात रेघ दिसली.
चुन्याखालून. पुराची. माणसाच्या गळ्याइतकी,
मातकट, फूटपट्टीनं ओढल्यासारखी.
दोन हात मारूनही.
मालनबाईंनी हळूच बोट केलं.
तोही ऑगस्टच.

नंतर ओळी आल्या, सगळ्या एकच.
पाणी.
पाणी.
कुणीतरी पाणी.
हात पुढे धरून माणसं नदीकडे निघालेली,
बोटांवरून लोंबत होतं ते मी बोलले नाही,
ते लिहिलेलं नव्हतं.
तेवीस वेळा मी पाणी म्हणाले
त्या गावात, जिथं कृष्णा जिन्याच्या पाचव्या पायरीवर
आणि पिंपात खडखडाट, अशी सहा दिवस आम्ही
बोटीची वाट पाहिली होती.
तसं नाही हे. कळतं मला.
पूर ओसरतो, गादी उन्हात टाकता येते.
पण शब्द तोच होता, दुसरा कुठून आणू?

शेवटी बँकेची पायरी. तिच्यावर एक काळा डाग.
मी वाचलं: इथं कुणीतरी दार उघडायची वाट बघत होतं.

दिवे लागायच्या आधी अलमास मुजावर, सातवी ब:
'मॅडम, ती परत दाखवा ना. कपडे वाळत घालणारी.'
शिरगोंडा मागे न्यायला लागला,
बोट चुकलं, पांढऱ्यावर थांबलं.
नेमका श्रेणिक उठला, लघवीला, प्रोजेक्टरसमोरून,
आणि त्याची सावली भिंतीवर, रेघेच्या वर डोकं,
उभे केस, कान, सगळं.
दर रविवारी त्याला 'ए डोकं!' म्हणून ओरडतात.
आज कुणी नाही.
तो थबकला. डोळ्यांवर हात धरला.
तिनंही धरला.

'हलतीय की,' मालनबाई म्हणाल्या,
कुणालाच नाही.