वडगादीतला भाव

सकाळी साडेदहाला मी फळ्यावर लिहिते:
अ‍ॅसेटिक अ‍ॅसिड, न्हावाशेवा पोच,
टनाला चारशे सत्तर डॉलर.
काल चारशे ब्याऐंशी होता.
परवाचा पुसला, पण त्याचा भुगा
माझ्या बाहीवर आहे अजून.
निर्यातीचा रकाना सहा महिने रिकामा,
त्यात कुणीतरी टेम्पोवाल्याचा नंबर लिहून ठेवलाय.

हेमराजभाई चहा बशीत ओततात, पीत नाहीत.
त्यांनी सौदा केला तेव्हा पाचशे चाळीस होता.
चीनहून निघालेलं जहाज
कोलंबोच्या अलीकडे की पलीकडे,
फोनवर कुणी नीट सांगत नाही.
माल पाण्यावर,
पैसे पाण्यात.

दुपारी भिवंडीहून डाइंगवाले मोमीनचाचा:
"आज किती गं?"
मी सांगते. ते लिहून घेतात, जरा थांबतात.
"पडू दे अजून."
भाई समोरच बसलेत. मी नुसतं हं म्हणते.
एकाच आकड्याला दोन नवस,
आणि खडू माझ्या हातात.

केबिनचा एसी सोळावर गेला
की टेबलावरची नमुन्याची बाटली गोठते,
काचेच्या आत पांढऱ्या सुया उगवतात.
भाई ती उलटी धरून बघतात.
हलत नाही काही.
"एवढा एकच थांबतो बघ," म्हणतात,
आणि थंड चहा एका घोटात संपवतात.

सात वाजता एसी बंद.
शटर ओढताना हाताला व्हिनेगरचा वास.
फळा मी रात्री पुसत नाही.
आत, अंधारात,
बाटली सुटू लागली असेल.