सहा नंबरचं वळण

या बेटावर रस्ता फार लांब जात नाही.
कुठूनही निघा, वीस मिनिटांत समुद्र.
म्हणून असेल, कड्यावरच्या माळावर लोकांनी
स्वतःकडेच परतणारा एक रस्ता घातला
आणि त्यावर सुसाट सुटले.

इद्वाल सहा नंबरच्या वळणावर उभा असतो.
एकतीस वर्षं.
नारिंगी अंगरखा, थर्मासमध्ये चहा, हातात पिवळा झेंडा.
पाठीशी आयरिश समुद्र,
त्याच्याकडे वळून बघायची सोय नाही.

शर्यत कोण जिंकतं ते त्याला दिसत नाही.
शेवटची रेघ टेकाडापलीकडे.
त्याच्या वाट्याला चार सेकंदं:
गिअर खाली, नाक आत,
मागचं चाक जरा लाडात येतं,
गेली.
बाकी सगळं कानांवर.

बेरविनच्या जुन्या गाडीचा खोकला त्याला ओळखू येतो.
आणि तेग्वेनची चारशे सीसी,
शिवणयंत्रासारखी, टाका न चुकणारी.
तेग्वेन मेंढ्यांची डॉक्टर.
आठवडाभर अडलेली कोकरं ओढून काढते,
रविवारी गुडघा डांबराला टेकवते.

सकाळी त्याने इथेच बूट घासून पाहिला होता.
मीठ.
रेडिओवर सांगितलं, पोरांनी झाडलंही.
पण रात्रभर वारा समुद्रावरून आलेला,
झाडून कितीसं जाणार.

सातव्या फेरीत टाका सुटला.
टेकाड, उतार, ब्रेक,
आणि मग नुसता वारा.
ती दिसायच्या आतच झेंडा वर गेला होता.

आली ती गाडीशिवाय.
पाठीवर घसरत, गवत उपटत,
टायरांच्या भिंतीपाशी थांबली,
त्याच्यापासून सहा हातांवर.

झेंडेवाल्याने जागा सोडायची नसते.
धावायचं ते दुसऱ्यांनी.
तो रस्त्याकडे बघत राहिला, झेंडा हलवत राहिला,
एकामागून एक नऊ गाड्या
पिवळं पाहून आवाज आवरत गेल्या.

"इद्वाल," खालून आवाज आला, "पुढे कोण होतं?"

"मला काय ठाऊक," तो म्हणाला, न वळता.

ती हसली. मग गळ्याचं हाड धरून शिवी दिली,
वेल्शमध्ये, मेंढीला देतात तशी.
त्याला एवढं बरं
कितीतरी दिवसांत वाटलं नव्हतं.

स्ट्रेचर गेलं. रस्ता मोकळा झाला.
काठीवरची बोटं उघडेनात,
एकेक करून सोडवली,
मग हिरवा दाखवला.

आठवी फेरी. नववी.
खोकला आला, गेला.
त्याच्यामागे थोडी जागा रिकामी,
ती त्याने शेवटपर्यंत मोजली.