अठ्ठावीस दिवस

काँक्रीटला दम धरायला अठ्ठावीस दिवस लागतात.
दस्तगीर क्यूबच्या अंगावर खिळ्यानं तारीख कोरायचा
आणि पिंपात सोडायचा,
पाण्याचा आवाज होऊ न देता.
माझ्या बिलाला किती लागतात ते ठाऊक नाही.
तिथं कुणी तारीख कोरत नाही.

प्रयाग चिखलीच्या वेशीवर आरोग्य उपकेंद्र.
एकोणीसच्या पुराची खूण शेजारच्या गोठ्यावर आहे,
माझ्या कानाच्या उंचीला.
म्हणून जोतं तीन फूट वर घेतलं.
साहेब म्हणाले, घ्या, गरजच आहे.
कागदावर ते तीन फूट अजून जमिनीखालीच:
जादा बाब, मंजुरी प्रलंबित.

नदीची वाळू आता फक्त जुन्या दरपत्रकात.
खडी फोडून केलेली येते, काळी, धारेची.
तिची धार यल्लव्वाच्या तळहाताला विचारावी.
ती विजापूरकडची,
घमेली कानडीत मोजते
आणि मोजणी चुकली की मराठीत शिवी घालते.

सळी वाढली, डिझेल वाढलं.
निविदा मी बावीस टक्के खाली भरली होती.
होय, मीच.
मी नसती भरली तर दुसऱ्यानं चोवीस भरली असती,
आणि हे आम्ही सगळेच एकमेकांबद्दल म्हणतो.

स्लॅबच्या दिवशी तांबडा-पांढरा, हा रिवाज.
मार्चचं बिल अडकलं,
मेच्या स्लॅबला मी वडापाव वाटले.
कुणी काही बोललं नाही.
दस्तगीरनं हात पुसून
तेलकट कागदाची चौकोनी घडी घातली, कडा जुळवून,
जसा तो विटांचा थर जुळवतो.

"निधी आला की पहिलं तुमचंच."
हे चार टेबलांवर ऐकलं.
चारी चहा माझे.

मिरगाआधी तो गोव्याला गेला.
तिथं दर शनिवारी हातात देतात.
"माझं सोळा हजार राहू दे भावा, निघालं की बघ."
मान खाली त्याची नव्हती.
प्लास्टरला नंतर मिस्त्री मिळेना.
त्याचा पोरगा शिरोलीत मशीन चालवतो, एसी हॉलमध्ये.
ओळंबा घरी खुंटीला, दोरीसकट.

अठ्ठाविसाव्या दिवशी तीन क्यूब स्कूटरच्या पायाशी ठेवून
मीच लॅबला गेलो.
यंत्राच्या जबड्यात पहिला सरकवला तेव्हा
त्याचं अक्षर माझ्याकडे होतं:
१४ मे, द. मु.,
चार नेहमीसारखा कलंडलेला.
ज्याची भिंत कधी कलली नाही
त्याचा चार.

आकडा चढत गेला. मग एक दबका आवाज.
एकतीस पूर्णांक दोन.
पंचवीस पुरले असते.

लॅबमधली मुलगी चष्मा वर सारून म्हणाली,
"लई भारी आहे की ओ. कुणाचं काम?"

मी सिमेंटच्या कंपनीचं नाव सांगितलं.

शिये फाट्याला आल्यावर लक्षात आलं,
तिनं ते विचारलंच नव्हतं.